खडकापलीकडून

दिवाळीला माझ्यासोबत तांड्यावर येते म्हणालीस, मैत्रेयी, तेव्हा मी हो म्हटलं नाही आणि नाहीही म्हटलं नाही. तुला वाईट वाटलं असेल. आता लाईट गेलेलीच आहे, वॉर्डातून बोलावणं येईपर्यंत आपल्याला वेळ आहे. ती मेणबत्ती खिडकीपासून जरा इकडे सरकव. सगळं ऐकून घे, मग यायचं की नाही ते तूच ठरव.

माझा भाऊ बबलू जहाजावर कामाला होता, एवढं तुला ठाऊक आहे. प्रवाशांचं मोठं जहाज, क्रूझ म्हणतात ते. मुंबईहून निघायचं, किनाऱ्याकिनाऱ्याने खाली दक्षिणेकडे जायचं, वाटेत बंदरांत थांबायचं. तो तिथल्या लॉन्ड्रीत होता. दिग्रसजवळच्या आमच्या तांड्यात समुद्र पाहिलेला तो पहिलाच. याडीला, म्हणजे आईला, फोनवर चादरींचे ढीग दाखवायचा आणि म्हणायचा, साऱ्या तांड्याची अंथरुणं मी एका दिवसात धुऊन टाकीन. याडी हसायची. समुद्र दाखव म्हणायची नाही कधी. पोराचं तोंडच पाहत बसायची.

गेल्या वर्षीच्या उन्हाळ्यात जहाज केरळातल्या एका बंदराला लागलं होतं. बबलूला सुटी होती. सोबतच्या मुलांबरोबर तो दीपगृहाखालच्या किनाऱ्यावर पोहायला गेला आणि परत आला नाही. आमच्या विहिरीत वरून उड्या मारणारा मुलगा. बोटी फिरल्या, पाणबुडे उतरले, काहीच मिळालं नाही.

आमच्याकडे कुणी गेलं की बायका येतात, घरच्या बाईच्या गळ्यात पडतात आणि मोठ्याने रडतात. तिलाही रडवतात. शेजारची रामीबाई आली, सगळ्या आल्या. याडी कुणाच्या गळ्यात पडली नाही. ती एवढंच म्हणाली, "मुडदा नाई, राख नाई. कुठं बसून रडू मी?" आम्ही घरात गोरबोली बोलतो, तुला समजावं म्हणून तुमच्या बोलीत सांगते आहे. तो सगळा पावसाळा ती दारात बसून राहिली. त्याची भाकर करायची, झाकून ठेवायची, सकाळी गाईला घालायची.

दसऱ्याच्या सुमारास जहाजाच्या ऑफिसातून फोन आला. त्याच मार्गाने जहाज जातं आहे, घरच्यांना जागा पाहायची असेल तर घेऊन जाऊ, म्हणाले. बा, म्हणजे माझे वडील देवसिंग, नको म्हणत होते. याडीने त्याच संध्याकाळी पिशवी भरली. मीही रजा टाकली.

जहाजावरचं काही सांगत नाही. तिथे सगळे मजेत होते, आणि आम्ही तिघं केबिनमध्ये बसून होतो. त्या बंदरात जहाज सकाळी लागलं आणि प्रवाशांना लहान लहान गटांनी गाव दाखवायला नेऊ लागले. दीपगृह आमच्या गटाच्या सहलीत होतं, म्हणून आम्हाला त्यात बसवलं. एक टेम्पो ट्रॅव्हलर, एक गाईड, नागपूरचं नवं लग्न झालेलं जोडपं, दोन म्हाताऱ्या बहिणी, आणखी एक कुटुंब आणि आम्ही. गाईडने सगळ्यांना कागदी टोप्या दिल्या. पाचच्या आत परत यायचं, जहाज कुणासाठी थांबत नाही, असं हसत हसत हिंदीत बजावलं. आम्ही कशाला आलो आहोत हे त्याला सांगितलेलं होतं. तो आमच्याकडे बघायचं टाळत होता.

आधी किल्ला पाहिला. मग मसाल्याच्या दुकानात नेलं. तिथे लवंगा, वेलदोडे, सुंठ यांचा इतका दाट वास होता की श्वास कोंडला. याडीने आपला आरशांचा घागरा आणि कांचळी घातली होती, दंडापर्यंत पांढऱ्या बांगड्या. ती नागपूरची मुलगी जवळ आली आणि म्हणाली, आंटी, तुमच्यासोबत एक फोटो काढू? मी नाही म्हणणार होते. पण याडी उभी राहिली. मुलीच्या खांद्यावर हात ठेवून, सरळ कॅमेऱ्याकडे पाहत. नंतर मला हळूच म्हणाली, "बबलूच्याच वयाची हाय."

दीपगृहाशी पोचलो तेव्हा ऊन डोक्यावर होतं. लोक वर चढायला गेले. बाचे गुडघे वाळूत चालत नाहीत, ते सुरूच्या झाडाखाली कठड्यावर बसले. मी आणि याडी खाली उतरलो. वाळू काळसर होती, कुजलेल्या मासळीचा आणि ओल्या दोराचा वास येत होता. जरा पुढे एक खडक पाण्यात घुसलेला होता, आपल्या ओपीडीच्या इमारतीएवढा. याडीने पिशवीतून डबा काढला. बबलूला आवडायचा तसा, भाकरी-गुळाचा मलिदा करून आणला होता.

खडकापाशी ती थांबली. म्हणाली, "तू इथंच थांब. मायलेकाचं बोलणं हाय."

आणि खडकाला हात टेकत पलीकडे गेली.

मी थांबले. लाटांच्या मधे तिचा आवाज यायचा. पहिल्यांदा ती रडली, मैत्रेयी. इतक्या महिन्यांनी. आमच्या बायका रडतात तसं, हेल काढून, नाव घेऊन, त्याच्या जन्मापासूनचं सगळं सांगत. ऐकून माझ्याही छातीवरचं काहीतरी उतरलं. रडू दे, म्हटलं, म्हणून तर आलो.

मग रडणं थांबलं आणि ती बोलू लागली. साधं बोलणं. कधी जेवलास, कुठं निजतोस. मधे गप्प व्हायची. कुणी उत्तर देत असलं की आपण जेवढं गप्प राहतो... तेवढी. मग पुन्हा बोलायची. एकदा तर हसली.

आणि मग काहीच नाही. लाटांचासुद्धा आवाज कमी झाल्यासारखा वाटला. मी हाक मारली. पुन्हा मारली. पाऊल उचलणार तोच ती खडकाच्या दुसऱ्या अंगाने, पाण्याच्या बाजूने आली. घागरा कोरडा. डबा हातात, रिकामा, आतून घासून धुतल्यासारखा. माझ्याकडे पाहून हसली. मी तिच्या गळ्यात पडले. ती उभी राहिली, हात खाली सोडून.

आम्ही वाळूतून परत निघालो. ती माझ्यापुढे होती. बरंच अंतर गेल्यावर माझ्या लक्षात आलं की तिच्या बांगड्या वाजत नाहीत.

गाडीत तिने केळ्याचे वेफर्स खाल्ले. आवडीने, बोटं चाटत. बाने विचारलं, भेट झाली का? तिने मान हलवली, पण ती मान कुठल्याही प्रश्नाला हलली असती. बंदराच्या फाटकाशी गाईड एकेकाला निरोप देत होता. याडी समोर आली तसा तो जरा मागे झाला. मी शेवटी होते. मला बाजूला घेऊन त्याने विचारलं, तुमची आई त्या खडकाच्या मागे गेली होती का? मी हो म्हटलं. तो हळूच म्हणाला, "उधर तो खड़े रहने की जगह ही नहीं है, मॅडम. सीधा गहरा पानी है..."

घरी आल्यावर ती बोलेना. यवतमाळला आपल्याच डॉक्टरांना दाखवलं, तू तेव्हा रजेवर होतीस. धक्का आहे म्हणाले, बोलेल हळूहळू. मीही तेच म्हणत होते. नर्स आहे मी, असे पेशंट पाहिलेत.

आणि ती बोलू लागली. पण कशी, तर नव्या गावात आलेलं माणूस शिकतं तशी. बोट दाखवायची, आम्ही नाव सांगायचं, ती म्हणायची. पाणी. चूल. गाय. गोरबोलीचा एक शब्द तिला कळत नव्हता. काम मात्र चोख करायची, जेवायची, शांत निजायची. दारात बसणं बंद झालं. भाकर झाकून ठेवणं बंद झालं. रामीबाई एकदा आली आणि आता तरी रड गं बाई म्हणत तिच्या गळ्यात पडली. याडी तिच्या पाठीवर थोपटत राहिली, पाहुण्या बाईला थोपटावं तशी. रामीबाईने मिठी सोडली आणि मागे मागे सरत घराबाहेर गेली. ती पुन्हा आमच्या उंबऱ्याच्या आत आलेली नाही.

भिंतीवर बबलूचा फोटो आहे. मी एकदा तिला त्याच्यासमोर नेलं. तिने बराच वेळ पाहिलं आणि विचारलं, "कोण?"

मी म्हटलं, तुझा मुलगा.

"चांगला हाय," ती म्हणाली. मैत्रेयी, त्या दिवशी मला कळलं की माझा भाऊ आता घरात कुणाचाच उरला नाही. त्याला जन्मापासून आठवणारं माणूस होतं, तेच गेलं होतं.

संध्याकाळी मात्र ती गोठ्याशी जाऊन काहीतरी गुणगुणायची. मी ते मोबाईलवर रेकॉर्ड केलं आणि आपल्या केरळच्या सिस्टरना ऐकवलं, त्या निवृत्त होण्याच्या आधी. त्यांनी कानाला लावून ऐकलं. ही आमच्याकडच्या किनाऱ्यावरच्या कोळ्यांची बोली आहे, कोण आहे ही, म्हणाल्या. मी म्हटलं, माझी आई. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, पुन्हा ऐकलं. मग म्हणाल्या, हे गाणं नाही. ती एकच गोष्ट परत परत विचारते आहे.

"माझं बाळ खडकावर ठेवलं होतं. कोणी उचललं?"

मी त्या रविवारी घरी गेले. बा कापसाच्या शेतात होते. शेताच्या कडेला धुऱ्यावर बसून त्यांना सगळं सांगितलं. ते बराच वेळ बोंडातला कापूस बोटांनी मोकळा करत राहिले. त्यांना नवं काहीच वाटलं नाही. गाडीत वेफर्स खाल्ले तेव्हाच समजलं होतं, म्हणाले. तुझ्या आईने इतक्या वर्षांत माझ्याआधी घास तोंडात घातला नव्हता.

"तिले पोरापाशी राहायचं होतं," बा म्हणाले. "राह्यली ती तिथं."

"मग ही कोण, बा?"

"मले काय माहीत... ही बी कोणाची तरी माय असल. तिचं लेकरू गेलं, आपलं गेलं. कुठं हाकलू मी तिले?"

मी म्हटलं, बा, चला माझ्याजवळ यवतमाळला. त्यांनी मान हलवली. घर रिकामं ठेवता येत नाही, म्हणाले. मी खूप रडले तिथे. बा रडले नाहीत. त्यांनी माझ्या डोक्यावर हात ठेवला, आणि त्या हाताला कापसाची सरकी चिकटलेली होती, एवढं मला आठवतं.

त्यानंतर मी पोळ्याला गेले होते. दुपारची वेळ होती, तांड्यावर बैल सजवण्याची गडबड चाललेली. आमच्या घराचं दार लोटलेलं होतं. आत गेले तर आढ्याला जुन्या लुगड्याची झोळी बांधलेली. बाने बांधली असणार, गाठ त्यांचीच होती. ती खाली बसून झोळीला झोका देत होती आणि तिच्या भाषेत हळू आवाजात गात होती. या वेळी ते खरंच गाणं होतं. बा शेजारी टेकून बसले होते. त्यांचाही एक हात दोरीवर होता. त्यांच्या तोंडावर असं समाधान मी बबलू गेल्यापासून पाहिलं नव्हतं.

मी पुढे झाले. बाने ओठांवर बोट ठेवलं.

"पाहू नको आत," ते म्हणाले. "आत्ताच डोळा लागला."

मी उंबऱ्याशीच थांबले. इतक्या बाळंतिणींमध्ये काम करते मी, मैत्रेयी. रिकामी झोळी कशी हलते मला माहीत आहे, ती हलकी असते, वाऱ्यावर भिरभिरते. ही सावकाश जात होती आणि सावकाश येत होती. वरचं आढं प्रत्येक झोक्याला करकरत होतं. आणि लुगडं मधोमध खाली ओढलं गेलं होतं, चांगलं भरलेल्या अंगाचं मूल निजावं तसं.