परतीची तार

दार लोटून घे रे. दिवा मात्र राहू दे, त्याच्यावाचून ही गोष्ट कळायची नाही.

माझ्याबरोबर वीज खात्यात एक वायरमन होता. नोकरीला लागला त्याच आठवड्यात विजेचा झटका बसून खांबावरून फेकला गेला, आणि उठून कपडे झटकत त्यानं चहा मागितला. तेव्हापासून आम्ही त्याला झटक्या म्हणायचो. त्याच्या बायकोनं, म्हणजे आमच्या वहिनींनी, मला जशी सांगितली तशी सांगतो.

थंडीतला शनिवार होता, रात्रीचे साडेनऊ. झटक्या औषधांच्या दुकानात गेला होता. त्याची मुलगी चार वर्षांची, छाती जन्मापासून कमजोर. रात्री तिचा श्वास यंत्रावर चालायचा. वीज गेली तर हातानं दाबून हवा द्यायला घरात एक रबरी फुगा असायचा, तो नेमका त्या दिवशी चिरला होता. दुकानदार म्हणाला, "सोमवारी मिळेल." बरं म्हणून झटक्या वळला आणि अख्खं गाव काळोखात बुडालं.

आता वीज कशी येते हे तुम्ही शाळेत शिकलात, पण नुसतं पाठ केलंत. पूर्वी पाण्यावर व्हायची, कोळशावर व्हायची. आता वेळेवर होते. वेळ वाहतो, त्या वाहण्यावर वीजघराचं चाक फिरतं, आणि त्यापायी प्रत्येकाचा रोज पापणी लवण्याएवढा वेळ कापला जातो. सगळ्या गावात वाटला जातो म्हणून कुणाला कळत नाही. तुम्हाला अभ्यासाला वेळ पुरत नाही तो काही त्यामुळे नव्हे, ते निमित्त मला सांगू नका.

वीजघर बंद पडलं तर एका माणसाच्या वेळेवरही लाइन चालते. घराच्या बोर्डातली परतीची तार, म्हणजे वीज जिच्यातून माघारी जाते ती, सोडवायची आणि उघड्या मुठीत धरायची. प्रत्येक वायरमनला हे माहीत असतं, आणि करायची सक्त मनाई असते.

झटक्या धावत घरी आला. बोर्ड जिन्याच्या माथ्यावर, दाराशीच. आत यंत्राची बॅटरी शेवटचं कुंईकुंई करत होती. फोन मुके झालेले. पोरीचे ओठ निळे पडायला लागले होते. त्यानं खुर्ची ओढली, तार उपटली आणि मुठीत धरली. यंत्र सुरू झालं.

वहिनींनी विचारलं, "किती जाईल तुमचं?"

"सकाळपर्यंत? फार तर वर्षभर. जाऊ दे."

तेवढ्यात समोरच्या घरात दिवा लागला. मग शेजारी. मग सगळ्या गल्लीत. कुणाचा टीव्ही, कुणाचा हीटर, कुणाची पाण्याची मोटर...

आमच्या कामातला पहिला धडा असा, की घराला जोड देण्याआधी गल्ली तोडायची. खांबावरचा खटका पाडायचा, मग बाकीचं. एरवी हे तो झोपेतसुद्धा चुकला नसता. पण त्यानं पोरीचे ओठ बघितले आणि खांब विसरला. आता सगळी गल्ली त्याच्या एकट्याच्या आयुष्यावर चालली होती.

"तार माझ्याकडे द्या," वहिनी म्हणाल्या. "तुम्ही खांबावर जा."

"नको. तिला आपल्यातलं एक तरी राहू दे. तू जा, लोकांना सगळं बंद करायला सांग."

वहिनी अनवाणी धावल्या. दारं बडवली. एकानं बंद केलं. दुसरा म्हणाला, "आत्ता कुठे आली, आणि बंद काय करता?" कितीकांना टीव्हीच्या आवाजात ऐकूच गेलं नाही. रडत, हातापाया पडत त्या गल्लीच्या टोकापर्यंत गेल्या. एक दिवा विझला की दुसरीकडे लागायचा.

परत आल्या तेव्हा झटक्याचे कानशिलावरचे केस पांढरे झाले होते. तो जिन्याकडे बघत होता.

"ऐक," तो म्हणाला.

जिन्यावर पावलं वाजत होती. कामावरून दमून आलेल्या माणसाची. डावा पाय जरा ओढत. वर आली... थांबली... चपला काढल्याचा आवाज.

जिन्यात कुणी नव्हतं.

पुन्हा खालून. पुन्हा वर. पुन्हा.

"ही माझी चाल आहे," तो म्हणाला. "माझं पुढचं रोजचं घरी येणं आहे हे. जळून चाललंय."

वहिनींना म्हणायचं होतं, सोडा. पण आत यंत्र चालू होतं. त्यांना म्हणवेना.

काय म्हणालास? त्यानंच का नाही सोडली? तुला मूल झालं की विचार मला.

मग त्या पावलांत दुसरी पावलं मिसळली. हलकी. बाईची. दोघं काहीतरी बोलत वर येत होती... ती हसली.

झटक्या रडायला लागला. "तीच आहे. मोठी झालीय... म्हणजे वाचतेय."

त्यानं मूठ आणखी आवळली.

पावलं हळू झाली. भिंतीला हात घासत. एक पायरी... दम... एक पायरी...

मग काहीच नाही.

पहाट झाली होती, आणि त्याच क्षणी वीजघर सुरू झालं. पोर गाढ झोपली होती, ओठ गुलाबी. डॉक्टर आले. खुर्चीतल्या त्याला तपासलं, मूठ सोडवली आणि वहिनींना हळूच विचारलं, "सासरे का तुमचे?"

झटक्या पस्तिशीचाही नव्हता.

इथपर्यंतचं मला कळतं. तार माणसाचा वेळ कापते, जन्मभर मी तेच काम केलंय. पण त्याला खाली आणायला मी जिना चढलो. घर बांधून वर्षही झालं नव्हतं. पायऱ्या काळ्या दगडाच्या, अजून कोऱ्या. तार दगडाला काही करत नाही.

माझा पाय खोलगट जागी गेला. टॉर्च लावला. प्रत्येक पायरी मधोमध झिजली होती, कुणी सगळा जन्म त्यावरून चढ-उतार केल्यासारखी. आणि त्या झिजेशेजारी दुसरी झीज होती... अरुंद, हलक्या पावलांची.

ती पोर तोवर त्या जिन्यावर एकदाही स्वतःच्या पायांनी चढली नव्हती.