ओ देणारा रांजण

ही गोष्ट रचलेली नाही.

खोटी वाटली तर वाटू द्या. पण माझ्या आईच्या वडलांवर ती गुदरली आहे, आणि त्यातला एक शब्दही मी पदरचा घातलेला नाही.

साल एकोणीसशे एकसष्ट. फेब्रुवारीतला रविवार. जागा, अकोटच्या पलीकडे सातपुड्याच्या पायथ्याशी पडलेली एक बंद दारूभट्टी.

रात्र नव्हती. अमावास्या नव्हती. दुपारी दीडला सुरू झालं आणि चारच्या आत संपलंसुद्धा.

आजोबांचं नाव देवराव तेलगोटे. तेव्हा सत्तावीस वर्षांचे. अकोल्याच्या एका सरकारी कचेरीत कारकून. त्यांच्या वस्तीतून मॅट्रिक झालेले पहिलेच. छप्पन साली नागपूरला जाऊन दीक्षा घेऊन आले होते. अकोल्यातल्याच अकोट फैल वस्तीत एका खोलीत बिऱ्हाड. बायको जाईबाई, आणि दीड वर्षाची मुलगी ललिता. ही ललिता म्हणजे माझी आई.

नोकरी अजून कायम झाली नव्हती. कायम करायचा शेरा लिहिणार होते हेडक्लार्क भगवंतराव.

म्हणून भगवंतराव जेव्हा म्हणाले, "तेलगोटे, रविवारी किल्ले पाहाले चाल आमच्यासंग," तेव्हा देवरावांना नाही म्हणता आलं नाही.

खरं तर त्यांना आनंदच झाला होता. आजवर सहलीला असं त्यांना कोणी नेलंच नव्हतं.

भाड्याची जीप. आत भगवंतराव, त्यांच्या शब्दाबाहेर न जाणारे कारकून खुशालराव, देवराव, ड्रायव्हर, आणि वाट दाखवायला शालिकराम. हा शालिकराम साठीचा, वाळका माणूस. पाहुण्यांना किल्ले दाखवून पोट भरायचा. बेत असा होता : सकाळी बाळापूरचा किल्ला आणि छत्री, दुपारी ती जुनी भट्टी, संध्याकाळी नरनाळा.

बाळापुरात शालिकराम पाठ केल्यासारखा बोलत होता. बुरूज, दरवाजे, नदीचा पूर. देवराव सगळं मन लावून ऐकत होते. घरी जाऊन जाईबाईला सांगायचं होतं.

चहाच्या वेळी त्यांचा कप वेगळा आला. चहा पिऊन त्यांनी तो स्वतःच विसळून ठेवला.

एकच्या सुमारास जीप भट्टीपाशी थांबली.

चारी बाजूंना मोहाची झाडं. छप्पर पडलेलं. तांब्याच्या हंड्यांवर हिरवा गंज. दारूबंदी आली तेव्हा ठेकेदार सोडून गेला तो गेलाच. तरी मागच्या बाजूला एक राखणदार चोरून थोडी गाळायचा, आणि तीच प्यायला भगवंतराव आले होते.

ड्रायव्हरनं बाहेर तीन दगडांवर मटण चढवलं. भगवंतरावांनी दोन पेले रिचवले, आणि म्हणाले, "तळघर दाखव, शालिकराम."

तळघरात उतरायला अठरा पायऱ्या. वरच्या झरोक्यांतून उन्हाच्या तिरप्या पट्ट्या आत येत होत्या. अंधार असा नव्हताच.

जमिनीत गळ्यापर्यंत पुरलेले सात रांजण. एकेक इतका मोठा, की आत माणूस उभा राहावा. त्यात मोहाची फुलं सडवायची. सहा रांजण उघडे होते.

सातव्यावर दगडी फरशी होती.

"हे कावून झाकलं?" भगवंतरावांनी विचारलं.

शालिकरामनं सांगितलं.

"साहेब, रांजण रिकामा झाला का आत माणूस उतरवून घासा लागे. आत वाफ राहे. मानूस कवा गुंगून पडन, सांगता येत नसे. म्हणून एक जन वरतून नाव घेऊन हाक मारत राहे. आतून ओ आली का समजा, जित्ता हाय. ओ नाई आली का दोरानं वर ओढा. दिवस बुडेपर्यंत असंच चाले."

"मंग?"

"माहा भाऊ सहदेव आत होता. हाक माराले मुनीम होता. मुनीम जेवाले गेला."

त्याच्या आवाजात काहीच नव्हतं. ना राग, ना दुःख.

"तवापासून यात नाव घेऊन हाक मारू नये, साहेब. ज्याचं नाव घ्यान, तो ओ देते. जिथं असन तिथून. अन् मंग ज्यानं हाक मारली त्यालेच मारत राहा लागते. दिवस बुडेपर्यंत. तवा सोडते ते."

भगवंतराव खदखदून हसले.

"तेलगोटे! तुमच्यात तं आता देव नाई, भूत नाई. खरं ना?"

"नाही मानत, साहेब," देवराव म्हणाले.

"मंग सरकव फरशी."

शालिकराम दोन पावलं मागे गेला. देवराव आणि खुशालरावांनी मिळून फरशी सरकवली. आतून मोहाचा आंबूस, ओलसर वास आला. इतक्या वर्षांनीही... ताजा.

"कोनाले बोलवावं?" भगवंतराव वाकत म्हणाले. मग त्यांना काहीतरी सुचलं. देवरावांचे कागद त्यांच्याच टेबलावरून गेले होते. त्यात वारस म्हणून एक नाव लिहिलेलं होतं.

"साहेब, नका," देवराव म्हणाले. भुताच्या भीतीनं नाही. परक्या माणसानं आपल्या बायकोचं नाव असं दारूच्या तोंडानं घ्यावं, याचा त्यांना राग आला होता.

भगवंतरावांनी रांजणात तोंड घातलं.

"जाईबाई... ए जाईबाई!"

आवाज आत घुमला. विरला.

सगळं शांत.

आणि मग...

"ओ."

खुशालराव पायरीवर धपकन बसले.

देवराव हलले नाहीत. तो आवाज त्यांचा ओळखीचा होता. रोज संध्याकाळी कचेरीतून आल्यावर ते दाराशी खाकरत, तेव्हा चुलीपाशून असाच यायचा. पहिल्यांदा जरा चढा, मग खाली येणारा.

"कोन लपवलं बे आत?" भगवंतरावांनी शालिकरामला विचारलं. पण आतला तळ दिसत होता. तिथं कोणीच नव्हतं.

"साहेब, आता थांबू नका," शालिकराम म्हणाला. "बोलवत राहा."

"जाईबाई!"

"ओ."

"जाईबाई!"

"ओ."

भगवंतरावांना गंमत वाटू लागली. ते वेगवेगळ्या आवाजांत हाका मारू लागले. लाडीक. दरडावून. गाण्यासारखं. प्रत्येक हाकेला ओ येत होती. देवराव भिंतीला टेकून ऐकत होते. त्यांची मूठ आवळली होती. पण आता तोंड बंद करा, असं साहेबांना सांगायचीही सोय राहिली नव्हती.

अर्धा तास गेला. भगवंतराव कंटाळले.

"बस झालं. घसा सुकला."

ते सरळ उभे राहिले. क्षणभर शांतता.

रांजणातून धाप लागल्याचा आवाज आला. कोणीतरी तोंड उघडून श्वास ओढावा, आणि तो मिळू नये, तसा.

देवराव धावले. रांजणावर ओणवे झाले. त्या काळी नवरा बायकोचं नाव घेत नसे. त्यांनी लग्नानंतर पहिल्यांदा घेतलं.

"जाई! जाई!"

ओ आली नाही.

"तुमच्या आवाजाले नाई येनार," शालिकराम म्हणाला. "ज्यानं पयली मारली, त्यालेच."

देवराव वळले. "साहेब, हात जोडतो. मारा हाक. दिवस बुडेपर्यंत मारा."

"चार घंटे? खुळा झाला काय तू?"

"साहेब, मारा ना दोन हाका," खुशालराव हळूच म्हणाले.

भगवंतरावांनी देवरावांकडे पाहिलं. मग हसून एक पाय पुढे केला.

"पाया पड. तुमी लोक आता कोनाच्या पाया नाई पडत म्हनतेत. पड, मंग मारतो."

धापेचा आवाज बारीक होत चालला होता.

देवराव वाकले. त्या माणसाच्या धुळीनं भरलेल्या चपलेवर त्यांनी कपाळ ठेवलं.

भगवंतरावांनी हाका मारल्या. आजोबा मोजत होते. चाळीस. मध्ये एक पेला. मग वीस. मग पुन्हा पेला. ओ आता उशिरा येत होती. ओली, जड. झोपेतून कोणी बोलावं तशी.

साडेतीन झाले असतील. वरून ड्रायव्हरनं आरोळी दिली, "साहेब, मटन झालं!"

"जेवून येतो," भगवंतराव म्हणाले.

देवरावांनी त्यांचे पाय धरले. भगवंतरावांनी पाय झटकला आणि ते पायऱ्या चढून गेले. खुशालराव खाली मान घालून त्यांच्यामागे गेले.

शालिकराम तिथंच उभा होता. तो एवढंच म्हणाला, "मुनीमही असंच म्हने."

देवराव वर धावत गेले. भगवंतराव पानावर बसले होते. रस्सा भुरकत म्हणाले, "अरे, जेवू तं दे शांतीनं! तुही बाई घरी मजेत असन. भुतंखेतं नाई मानत म्हनतं, अन् रडून राहिला बायासारखा."

देवराव पुन्हा खाली आले. रांजणाला कान लावला.

एकदा हळूच आवाज आला. ओ नव्हती ती. शब्द होते.

"बोलवा ना..."

मग काहीच नाही.

भगवंतराव जेवून, पान खाऊन खाली आले. त्यांनी तीन हाका मारल्या. रांजणातून त्यांचाच आवाज परत आला, जसा कुठल्याही रांजणातून येतो.

"पाह्य. संपला खेळ," ते म्हणाले.

नरनाळा राहूनच गेला. जीप अकोल्याला परतली तेव्हा दिवे लागले होते. देवरावांच्या दाराशी गर्दी होती.

पुढचं शेजारच्या दुर्गाबाईनं सांगितलं.

जाईबाई अंगणात ज्वारी पाखडत होती. दीड वाजता एकदम मान वर करून म्हणाली, "ओ." मग हसली. "कोनं बोलावलं वो मले?"

कोणी बोलावलं नव्हतं.

परत "ओ." परत "ओ." आधी दुर्गाबाईला थट्टा वाटली. मग जाईबाई म्हणाली, "कोनीतरी पुरुषमानूस माह्या नावानं बोलावून राहिला वो. ओळखीचा नाई. पन ओ देल्याबिगर श्वास येत नाई." तिनं सूप खाली ठेवलं. मोहाचा वास येतो, म्हणाली. दुर्गाबाईलाही तो आला.

दुर्गाबाई तिच्या कानाशी तिचं नाव घेऊन ओरडली. तिला ते ऐकूच येत नव्हतं. ती दाराकडे डोळे लावून पुढच्या हाकेची वाट पाहत होती. हाक आली की ओ द्यायची आणि एक घोट श्वास घ्यायची.

शेवटी हाक येईना. तिनं दोन्ही हातांनी उंबरा धरला. ओठ निळे पडले. "बोलवा ना," म्हणाली. "बोलवा ना कोनी..."

मांडीवर ललिता होती. ती रडत होती.

जाईबाईच्या तोंडाला दारूचा वास होता. आयुष्यात थेंब न घेतलेली बाई, पण लोक म्हणाले, पिऊन मेली. पंचांनीही तसंच लिहून घेतलं.

भगवंतरावांना काय झालं? काही नाही. बढती मिळाली. नातवंडं झाली. पासष्ट साली अकोल्याच्या मोटार स्टँडवर देवराव त्यांना दिसले, तेव्हा त्यांनी पाठीवर थाप मारून विचारलं, "काय तेलगोटे, घरची मंडळी बरी हाये ना?"

ते थट्टा करत नव्हते. ते विसरले होते.

आजोबांनी दुसरं लग्न केलं नाही. सदुसष्ट साली ते पुन्हा त्या भट्टीत गेले. ललिताला सोबत नेलं. ती आठ वर्षांची होती. शालिकराम तेव्हा हयात नव्हता. राखणदारही नव्हता.

भर दुपारी ते अठरा पायऱ्या उतरले. मुलीला शेवटच्या पायरीवर बसवलं. सातव्या रांजणावर वाकले.

"जाई."

कान लावून थांबले.

"जाई."

असं ते दिवस बुडेपर्यंत बोलावत होते. घसा फुटला. आवाज घोगरा झाला. शेवटी नुसते ओठ हलत होते. झरोक्यातली शेवटची पट्टी गेली तेव्हा ते उठले. डोळे पुसून त्यांनी मुलीला विचारलं, "ललिते, तुले काही ऐकू आलं का?"

तिनं मान हलवली. नाही.

त्यांनी तिचा हात धरला. दोघं वर आली. आजोबा वारले तोवर त्यांना हेच ठाऊक होतं, की आपल्या हाकेला कधी ओ आलीच नाही.

मागच्या महिन्यात आई हे मला सांगत होती. सांगता सांगता थांबली. दार लावून आली. मग अगदी हळू आवाजात बोलली.

"आली होती रे. बाबाच्या दर हाकेले ओ आली. मले साफ ऐकू येत होती. बाबाचा कान रांजणाले लागून होता, पन त्यायले येत नव्हती."

"मग तू सांगितलं का नाहीस?"

"भेव वाटलं. सांगतलं असतं तं बाबा तिथून उठलेच नसते. हाक मारतच राह्यले असते. मले घरी जायचं होतं."

तिनं उठून खिडकीही लावली.

"आमी पायऱ्या चढत होतो," ती म्हणाली. "बाबा गप होते. कोनी हाक मारत नव्हतं..."

"तरी ती ओ देऊन राहिली होती."