विणीच्या हंगामातला सुतार

गाभण मेंढी पाठीवर उलटली की पोटाचा भार तिला उठू देत नाही. वेळेत कुणी सरळ केली नाही तर जीव जातो. त्या सकाळी आमची सगळ्यात जड मेंढी कुंपणालगतच्या खळग्यात चारी पाय वर करून पडली होती आणि मी एकटीच तिला ढकलत होते. रस्त्यावरून फळ्या लादलेली गाडी चालली होती. मी हात केला. चालवणारा उतरला, कुठं धरायचं ते विचारलं आणि सांगितलं तिथंच धरलं. मेंढी उठली, अंग झाडलं आणि आमच्याकडे न बघता निघून गेली.

"आभार मानायची पद्धत नाही वाटतं इथं," तो म्हणाला.

"मेंढीकडून अपेक्षा होती?"

"नाही... तुमच्याकडून."

मला हसू आलं. तो सुतार निघाला, आणि मला सुतारच हवा होता.

गेल्या हंगामात थंडीवाऱ्यानं आमची निम्मी कोकरं गेली होती. बाबांच्या गुडघ्यांनी असहकार पुकारलेला. कळप विकून मोकळे होऊ, असं काका धरून बसले होते. मी हट्टानं एक हंगाम मागून घेतला होता.

सुतारानं शेडमध्ये बाळंतिणींसाठी वेगवेगळे कप्पे केले, वाऱ्याकडच्या फटी बुजवल्या. मी मेंढ्यांचे वाढलेले खूर कापले, त्यांना लसी टोचून घेतल्या, पिल्लांना आचळ चटकन सापडावं म्हणून कासेभोवतीची लोकर कातरली. मेंढ्या धरायला तोच यायचा. त्याचे केस भुशानं भरलेले, माझे लोकरीनं... नजरानजर झाली की मी कातरीकडे बघायचे. काम संपलं तरी त्याला रोज एखादा सैल खिळा सापडायचाच. हा खिळे ठोकतोय की उपटतोय, असं आईनं एकदा भाजी निवडता निवडता विचारलं.

मेंढ्या व्यायला लागल्या आणि पाऊस, बोचरा वारा एकदमच आले. भर दुपारी एक मेंढी अडली. कोकराचा पाय मागे दुमडला होता. सुतारानं मेंढीला छातीशी धरलं, मी आत हात घालून पाय हळूच पुढे आणला — आणि कोकरू माझ्या मांडीवर घसरलं. निपचित. मी नाक पुसलं, मूठभर गवतानं अंग चोळलं, चोळतच राहिले. शेवटी ते शिंकलं. मान वर केली तर सुताराचे डोळे भरले होते. धूळ गेली, म्हणाला. त्या पावसात.

त्या हंगामात आम्ही एकही कोकरू गमावलं नाही. काकांनी शेडच्या दारात उभं राहून कोकरं मोजली. मग बाबांना म्हणाले, "दादा, कळप हिच्याच हाती राहू दे."

बाहेर सुतार हत्यारं गाडीत भरत होता.

"पुढच्या वर्षी शेड अपुरी पडेल," मी म्हणाले.

"मग येईन की पुढच्या वर्षी."

"इतकं थांबणं मला जमणार नाही... तू राहतोस का इथंच? माझ्याबरोबर?"

'तू' ऐकून त्याच्या हातातली करवत तशीच राहिली.

"मी तर रोज विचारायचं ठरवून यायचो," तो हळूच म्हणाला. "तुझ्या बाबांना कोण सांगणार?"

"मी."

आणि हातसुद्धा न धुता मी घरात शिरले आणि सगळ्यांसमोर सांगून टाकलं. बाबा काकांकडे बघून हसले. "ऐकलंस? ही विचारत नाहीये, कळवतेय."