रायभानची उसण

मोबाईल ठेव रे खाली, गोपाळ. ऐकायचं तर नीट ऐक, न्हाईतर जाऊन झोप. ही ऐकीव न्हाई. मेंढरंवाला रायभान माझ्या उठण्या-बसण्यातला, त्यानं सोता सांगितल्याली.

गेल्या मार्गशीर्षातली आवस. चार महिने मेंढरं घेऊन बाहेर फिरून रायभान नुकताच गावी आल्याला. अंगात ताप, आन् श्वास आत घेतला की डाव्या बरगडीत जीवघेणी कळ. मी म्हनलं, "लेका, डाक्टरला दाखव." तर म्हनतो, "उसण भरलीय आबा, दवाखाना कशाला?" आन् मला न सांगता फटफटीवर निघाला चारठाण्याला, भिवराबाईकडं. ती पायाळू, जन्मताना पाय आधी आल्याली. तिचा पाय पाठीला लागला की उसण जाते म्हनून लोक लांबून यायचे.

रात्रीचे साडेनऊ. दार उघडंच. आत दिवा न्हाई.

"कोन?"

"मी रायभान. उसण उतरवायचीय, माय."

"पालथा पड."

पडला. पाय लागायची वाट बघायलाय... पाय काय लागंना. बोटं लागली. गार. पाठीवर टकटक वाजवायली, आपुन बाजारात माठ वाजवून बघतो तशी. उजवीकडं पोकळ आवाज. डावीकडं... भद्द. परत... भद्द.

"ही उसण न्हाई. छातीत पाणी भरलंय. ऊठ, जिंतूर गाठ."

"सकाळी जातो की."

ती अगदी कानाशी बोलली.

"मीबी सकाळीच जाणार होते."

कानाशी बोलली. पर श्वास... श्वास लागला न्हाई.

कसाबसा जिंतूरच्या दवाखान्यात पोचला. छातीचा फोटू काढला. डाव्या अंगाला पाणीच पाणी. डाक्टर म्हनला, "आजची रात्र जड गेली असती. कुणी पाठवलं तुमाला?"

"चारठाण्याच्या भिवराबाईनं."

नर्स सविता चारठाण्याचीच. तिनं हातातला ट्रे खाली ठेवला. "ती तर दसऱ्यालाच गेली ओ... तिलाबी श्वास घेतला की कळ यायची. दुसऱ्याच्या उसणी उतरवल्या, तिची कोन उतरवणार? उद्या दाखवू, उद्या दाखवू करत राहिली."

रायभान तिथंच रडला. भ्यालाबी असंल, पर मला म्हनला, "आबा, त्या म्हातारीसाठी जीव तुटला."

पाणी काढायला त्याचा सदरा वर केला. सुई टोचायच्या जागेवर पेनानं खूण करायला डाक्टर वाकला... आन् थांबला.

"सविता, खूण तू केलीस?"

"न्हाई, सर."

दोन बरगड्यांच्या मधी, बरोब्बर त्याच जागेवर, राखेचं एक बोट उमटल्यालं होतं.