मफलरचं दुसरं टोक

"हात सुटला तर धावाचा नाय गं पोरी. सुटला तिथंच उबी राय. मी येते शोधत."

आईचे हे शब्द तेजलच्या कानात अजून तसेच होते, जत्रेतल्या पिपाण्यांच्या आवाजासकट. विवळवेढ्याच्या महालक्ष्मीची जत्रा, चैत्रातलं ऊन, आणि लहानग्या तेजलचा हात खरंच सुटला होता. ती बांगड्यांच्या दुकानापाशी उभी राहिली. समोर नुसते पाय, पाय आणि पाय. रडून रडून घसा बसला, पण ती जागची हलली नाही. आणि आई आली! पोरीला पोटाशी धरून तिनं तिथूनच देवीकडे तोंड करून हात जोडले. "आई, माजी पोर दिलीस. हिलाच घेऊन येन, हिच्याच हातानं तुजी ओटी भरीन."

नवस बोलून झाला, फेडायचा मात्र राहिला. त्या दिवसापासून गर्दी म्हटली की तेजल मागच्या मागे फिरायची. दर चैत्रात आई विचारायची, "जायाचं का गं?" तेजल मान खाली घालायची. मग आईच म्हणायची, "आसू दे. देवी काय पलून जाते?"

देवी कुठे गेली नाही. आईच गेली, गेल्या पावसाळ्याआधी. तेव्हापासून नवापूरच्या त्या घरात तिन्हीसांजेचा दिवा तेजल लावायची. एकही दिवस चुकला नव्हता. पण ज्योत स्थिर झाली, हात जोडले, की रोज मनात तेच यायचं... आई, तुझा नवस माझ्यामुळे अडला गं.

आणि दिव्यामुळेच ते सगळं सुरू झालं.

बोईसरच्या स्टँडवर संध्याकाळी कंपन्या सुटल्या की नवापूरच्या गाडीला मोहोळ लटकल्यासारखी माणसं लटकायची. गाडी थांबायच्या आत खिडक्यांतून रुमाल, पिशव्या, जेवणाचे डबे जागांवर जाऊन पडायचे. औषधांच्या कंपनीत पॅकिंगला असलेली तेजल खांबाला पाठ लावून उभी होती.

"अहो, ही दुसरी गाडी सोडलीत तुम्ही. कुणाची वाट बघताय व्हय?"

तिनं वळून पाहिलं. उंच, सावळा मुलगा. अंगात फुटबॉलच्या टीमची निळी जर्सी, गळ्यात तसाच निळा मफलर... बोईसरच्या उकाड्यात!

"गर्दी कमी व्हायची," ती म्हणाली.

"हितं? मग रिटायर झाल्यावरच घरी पोचणार की!"

तिला हसू आलं, पण डोळे मावळतीकडे गेले. "दिवा लावायचाय हो घरी," ती पुटपुटली, जणू स्वतःशीच.

त्यानं मफलर काढला, वळणाऱ्या गाडीबरोबर चार ढांगा टाकल्या आणि खिडकीतून तो नेमका एका जागेवर फेकला. "जावा. जागा तुमची."

"पन चढू कशी?"

"माझ्या मागनं या."

दारात तो दोन्ही हात पसरून उभा राहिला. मागून शिव्या पडत होत्या, कोपरं बसत होती आणि तो हसत म्हणत होता, "भावा, दम धर, लेडीज हाय..." त्याच्या हाताखालून तेजल आत शिरली. बसली. गाडी सुटली, तेव्हा कुठे तिच्या लक्षात आलं, मफलर तिच्याच मांडीवर होता.

त्या संध्याकाळी दिवा वेळेवर लागला.

दुसऱ्या दिवशी तिनं मफलर धुऊन, घडी घालून परत दिला. त्यानं तो नाकाशी नेला. "अगरबत्तीचा वास येतोय."

"ते... कपाट देवघराजवळ हाय आमचं."

"असू दे की. आमची टीम हरायला लागली होती, तिला देवाचीच गरज होती." मग थोडं थांबून, "मी कैलास. तुमच्या शेजारच्या कंपनीत फिटर. मूळचा कोल्हापूरचा."

"म्हणून फुटबॉल?"

"आमच्याकडं पोरगं चालायच्या आधी लाथ मारतं!"

मग रोजचंच झालं. गाडी यायच्या आधी दोन घटका खांबापाशी. तो तिच्या 'नाय'ची नक्कल करायचा, ती त्याच्या 'न्हाई'ची. 'तुम्ही'चं 'तू' कधी झालं, ते खांबालाच ठाऊक. एके दिवशी तिनं नवसाचंही सांगितलं. सांगताना वाटलं, हसेल. तो हसला नाही. मफलरच्या गोंड्यांशी चाळा करत राहिला.

"रविवारी अंधेरीला मॅच हाय," शेवटी म्हणाला. "येतीस?"

"मी? तिथं किती मानसं आसतील!"

"जत्रेएवढी न्हाईत. जत्रेची रंगीत तालीम समज. न्हाई जमलं तर अर्ध्यातनं परत येऊ. त्या दिवशी टीम बघायची न्हाई मी."

"मग काय बघशील?"

"...गर्दी," तो म्हणाला, आणि त्याचे कान लाल झाले.

तेजलनं घरी लपवलं नाही. बाबा ओट्यावर जाळं विणत बसले होते. "बाबा, रविवारी म्याच बघाया जाते. कैलास म्हनून हाय, बाजूच्या कंपनीतला. चांगला हाय."

"गर्दी आसंल तितं."

"म्हनूनच जाते."

बाबांची सुई थांबली. मग जाळ्यात मान घालून ते म्हणाले, "रविवारचा दिवा मी लावीन. वात तेवडी करून ठेव. माज्या हाताला नीट येत नाय."

रविवारी दुपारची लोकल निवांत होती. खिडकीतून खाडीचं पाणी, मिठागरं सरकत होती. कैलास समोर बसून तिला गर्दीचे धडे देत होता. "हे बघ, मोबाईल आतल्या खिशात. चप्पल न्हाई, बूट. आणि गर्दीला अंगावर घ्यायचं न्हाई, म्हंजे—"

"लाटेला कूस दाखवायची नाय," ती सहज बोलून गेली.

"काय?"

"बाबा सांगतात. मोठी लाट आली की होडीचं नाक तिच्यावर घालायचं, थोडं तिरकं. आडवी केलीस की संपलं."

कैलास बघतच राहिला. "अगं, मग मी काय शिकवतोय तुला? तुला तर सगळं येतंय!"

खरंच येत होतं का? पण बोलून झाल्यावर तिचं तिलाच बरं वाटलं. मग तिनं त्याला आईचं वाक्यही सांगितलं, सुटला तिथंच उभं राहायचं. त्यानं शहाण्या मुलासारखी मान डोलावली. "ध्यानात ठेवतो."

अंधेरीला उतरले, तशी निळी गर्दी सुरू झाली. मेट्रोच्या जिन्यावर ती कठडा धरून थांबली. कैलासनं गळ्यातला मफलर काढून एक टोक तिच्यापुढे धरलं. "हात धर म्हणायला मी काय तुझा..." वाक्य अर्धंच राहिलं. "हे धर. माझ्याकडं दुसरं टोक."

ती धरून चालली. नाक लाटेवर, थोडं तिरकं. मैदानाच्या दाराशी बायकांची रांग वेगळी होती. तिथे तर ती एकटीच गेली, झडती देऊन पलीकडे निघाली. पलीकडे तो टाचा उंचावून बघत होता. ती दिसताच त्यानं असा सुस्कारा टाकला, जणू झडती त्याचीच झाली होती.

खेळ तिला निम्माच कळला. पण हिरव्यागार मैदानावर सांज उतरली आणि उंच खांबांवरचे दिवे एकदम लागले, तेव्हा तेजलचे हात आपोआप जुळले. डोळे मिटले.

"हे काय गं?"

"दिवेलागण झाली ना." तिनं जीभ चावली. "सवयच हाय."

कैलासनं दिव्यांकडे पाहिलं, तिच्याकडे पाहिलं, आणि स्वतःही हात जोडले. आपल्या टीमनं गोल केला तो नेमका तेवढ्यात. सगळं मैदान उठलं, ढोल वाजले, आणि हात जोडून बसलेल्या ह्या दोघांना काही दिसलंच नाही!

"झाला?" तो दचकून ओरडला. "गोल झाला? आणि मी डोळं मिटून बसलोय?"

तेजल इतकी हसली, इतकी हसली... आई गेल्यापासून ती अशी हसलीच नव्हती.

मॅच सुटली आणि खरी भरती आली. दारातून माणसं लोटासारखी बाहेर पडली. पुढे कैलास, मागे तेजल, मधे ताणलेला मफलर. कुणीतरी मोठा झेंडा घेऊन आडवा घुसला. धक्का बसला. तेजलची मूठ उघडली, आणि मिटली तेव्हा तिच्यात काहीच नव्हतं.

शेंगदाणेवाल्याच्या टोपलीपाशी ती उभी राहिली. सुटला तिथंच. फोन लावला, पण सगळं मैदानच फोनवर होतं, लागेना. नुसते पाय, पाय आणि पाय... येईल. आत्ता येईल.

तो येईना.

शेंगदाणेवाला दोनदा बघून म्हणाला, "बेन, कुणी हरवलंय का?"

'मी,' असं अगदी ओठांवर आलं होतं. आणि तिथेच तेजल थबकली. आईनं उभं राहायला सांगितलं होतं ते लहान पोरीला. पण त्या दिवशी आई स्वतः कुठे उभी राहिली होती? ती तर शिरली होती त्या जत्रेत, एकटी, पोरीच्या नावानं हाका मारत. तिला काय गर्दीची भीती वाटली नसेल? वाटली असेल. तरी आली. ज्याची माया, त्यानं शोधत जायचं.

तेजलनं ओढणी कमरेशी गाठ मारली. "मी नाय हरवले, दादा," ती म्हणाली. "शोधायला निघालेय."

आणि ती गर्दीत शिरली. धक्के बसत होते, ढोल कानाशी बडवत होते. ती मनात देवीचं नाव घेत, तिरकी तिरकी, माणसांच्या फटीफटींतून पुढे सरकत राहिली, थेट मेट्रोच्या जिन्यापर्यंत. जिन्याच्या पायथ्याशी कैलास खांबासारखा ताठ उभा होता. शेजारी पांढऱ्या मिशांचे, पोटावर निळी जर्सी ताणलेले एक काका. कैलासच्या हातात मफलरचं एक टोक, आणि दुसरं... काकांच्या कमरेच्या पाऊचच्या चेनमध्ये घट्ट अडकलेलं!

"तेजल!" त्याचा आवाजच फुटला. "अगं, कुठं होतीस?"

"मी कुठं? तू कुठं होतास! मी वाट बघून बघून—"

"तूच सांगितलंस की! सुटला तिथंच उभं राहायचं. मला वाटलं हितंच सुटलीस. हिथवर मफलर ताणलेला होता ना!" त्यानं रडवेल्या चेहऱ्यानं काकांकडे बोट दाखवलं. "ह्यांना वढत आणलं मी."

"ते हरवलेल्यानं उभं राहायचं रे! शोधणाऱ्यानं नाय!"

"मग मीच हरवलो असणार," तो हळूच म्हणाला.

काका खाकरले. "हीच का ती?"

तेजल गोंधळली. "म्हणजे?"

"म्हणजे, पोरी, हा पूर्ण रस्ताभर पुढे बघून बोलत होता. मागे वळेचना. मी म्हटलं, भला माणूस आहे, मला धीर देतोय. मग कळलं, बोलणं माझ्यासाठी नाही. तोवर बरंच ऐकून झालं होतं."

कैलासनं तोंड मफलरमध्ये लपवायचा प्रयत्न केला. काकांचा पाऊचच वर आला.

"काय बोललास?" तेजलनं विचारलं. तिचं काळीज आता गर्दीमुळे धडधडत नव्हतं.

"...काही न्हाई."

"सांग की रे तिला!" काका वैतागले. "माझी मेट्रो गेली. निदान कारण तरी चांगलं होऊ दे."

कैलासनं मान वर केली. "म्हटलं... घट्ट धर. आज मफलर धरलास, उद्या हात धरशील का? आयुष्यभर धरशील का? तुझ्या घरातला दिवा... म्हंजे आपल्या... जिथं तू दिवा लावशील, तिथं वेळेवर पोचायला मला आवडंल." दम लागल्यासारखा तो थांबला. "तोंडाकडं बघून बोलायचं धाडस नव्हतं गं."

"आता बघूनच बोललास ना?"

"व्हय की!" त्याचं त्यालाच नवल वाटलं.

खाली वाकून तेजलनं एकेक धागा सोडवत मफलर काकांच्या चेनमधून मोकळा केला. काका जिना चढताना दोनदा वळून हसले. ते सुटलेलं टोक तिनं हातात धरून ठेवलं.

"उत्तर?" त्यानं विचारलं.

"चैत्री पुनवेला. आदी आईचा नवस." तिचे डोळे भरले होते आणि ओठ हसत होते. "जत्रेत बांगड्यांच्या दुकानापाशी तू उबा राय. हलायचं नाय. मी येते शोधत."

"एकटी?"

"एकटी."

त्या रात्री ती घरी पोचली, तेव्हा देवघरात दिवा तेवत होता. वात जरा वाकडी लागली होती, काजळी धरली होती. तेजलनं ती नीट केली नाही. तशीच राहू दिली.

चैत्री पौर्णिमेच्या सकाळी तिनं आईची हिरवी साडी नेसली. पिशवीत नारळ, खण, तांदूळ, हळदकुंकू, वर घडी घातलेला मफलर. बाबा ओट्यावर होते.

"संगती येऊ?"

"नको बाबा. शोधायला एकटीच जाते."

बाबांनी पिशवीतून डोकावणारा निळा गोंडा पाहिला आणि न पाहिल्यासारखं केलं. "सावकाश ये," ते म्हणाले. "दिव्याचं मी बगीन."

नाक्यावर गाडी आली. आधीच भरलेली, दारात माणसं लोंबकळणारी. पुन्हा एकदा पिशव्या उडाल्या, हाका झाल्या. मागची गाडी रिकामी असेल, असं कुणीतरी म्हणालं.

तेजलनं पदर खोचला, आईचं नाव घेतलं, आणि जरा तिरकी होऊन पायरीवर पाय ठेवला.