नेफा नसलेला झेंडा

सौसरच्या बस स्टँडमागे सुचिता सोमकुवरचं शिलाईचं दुकान आहे. पाटी ब्लाउज-पिकोची, पण दुकान चालतं झेंड्यांवर. हनुमान जयंतीच्या आधी जामसांवलीचे भगवे, एप्रिलात निळे, निवडणूक आली की ज्याच्या त्याच्या रंगाचे. मशीनला रंग कळत नाही. सुचिताला कळतो, पण ती बोलत नाही. झेंड्यावर काय आहे ते लोक बघतात, ती कड बघते. एका कडेला कापड दुमडून नेफा शिवला आणि त्यात काठी गेली, की झाला झेंडा. नाहीतर तो नुसता रुमाल.

ऑक्टोबरच्या शेवटी खापरधऱ्याचे वसंतभाऊ दुकानात आले. साठी ओलांडलेला माणूस, पांढरा शर्ट, खिशाला दोन पेनं. पिशवीतून त्यांनी कापसात गुंडाळलेलं लाल कापड काढलं आणि टेबलावर ठेवलं.

"ओळखलं काय?"

"ऐकलं होतं. पाह्यलं नव्हतं," सुचिता म्हणाली.

खापरधरा हे मोहगावच्या पुढचं गाव. छप्पन्नच्या नोव्हेंबरात नवे नकाशे निघाले, नागपूर मुंबईकडे गेलं आणि मराठी बोलणारे सौसर-पांढुर्णा भोपाळकडेच राहिले. तेव्हा खापरधऱ्याच्या पुढाऱ्यांनी जाहीर केलं, आम्ही ना भोपाळचे ना मुंबईचे, आमचं राज्य वेगळं. रस्त्यावर नाका बसवला. लाकडाचा शिक्का कोरला. लाल कापडावर कापसाचं पांढरं बोंड शिवून झेंडा केला. एकोणीस दिवस चाललं ते राज्य. एकोणिसाव्या दिवशी पोलीस आले आणि राज्य वावरांतून पळालं.

तेव्हापासून त्या फडक्यावरून भांडण आहे. कुणी म्हणतं अभिमान, कुणी म्हणतं गद्दारी. पोरं बोंडाचं चित्र मोटारसायकलवर लावतात, एखादा साहेब ते खरडून काढायला लावतो, दुसरा साहेब त्याच चित्राशेजारी उभा राहून फोटो काढतो. वसंतभाऊंच्या वडिलांनी त्या एकोणीस दिवसांचं एक पुस्तक छापलं होतं. गावात घरोघरी आहे. त्यात एक वाक्य आहे : 'अठराव्या दिवशी भरदुपारी येसकर गुलाब हा फितूर होऊन पोलिसांना वर्दी देण्यास गेला.' येसकर म्हणजे वेशीवरचा राखणदार, गाव सांगेल ते काम मुकाट करणारा माणूस.

गुलाब हा सुचिताच्या मायचा बाप.

वसंतभाऊंना हे माहीत होतं. सौसरात इतकं जुनं कापड हातात धरील असं दुसरं कुणी नव्हतं, म्हणून ते आले होते.

"यंदा सत्तर वर्षं झाली. एक दिवस लावाची परवानगी भेटली. लोखंडी खांब उभा करून राहिलो. फक्त याले नेफा लावून दे, आन् असेच शंभर नवीन शिव."

"पुस्तकही नवीन काढून राहिले म्हनते तुम्ही."

"हो."

"त्यात तो शब्द राहील काय?"

वसंतभाऊंनी पेनं नीट केली. "पाहू ना, बाई."

ते गेल्यावर सुचितानं झेंडा पसरला. कुठलंही जुनं कापड हातात आलं की शिंपी आधी कड साफ करतो. लोंबतं, फाटलेलं, गाठीचं काही असेल ते कापून टाकायचं आणि मगच माप घ्यायचं. वीस वर्षांची सवय. वरच्या डाव्या कोपऱ्याला पिळलेल्या कापडाचं एक वेटोळं लोंबत होतं. तिनं कैची घातली. वेटोळं खाली पडलं.

उजव्या कोपऱ्यालाही तसंच होतं. तिथं कैची थांबली.

हे लोंबतं नव्हतं. शिवलेलं होतं. दुहेरी सुतानं, आडवे-उभे टाके घालून, धान्याच्या पोत्याला घालतात तसे. निघू नये म्हणून शिवलेलं. तिनं चारी कडा बघितल्या. नेफा नव्हता. कड्या नव्हत्या. कधी काळी टाके उसवल्याची भोकंसुद्धा नव्हती. हा झेंडा काठीसाठी केलेलाच नव्हता. तिनं वेटोळ्यात हात घातला. मनगट बसलं आणि वर दोन बोटांची जागा उरली. पुरुषाच्या हाताला बरोबर झालं असतं.

जिथं कापलं होतं तिथं कापड ओलं होतं.

इतकी वर्षं पेटीत पडलेल्या कापडात दमटपणा असतो. तिनं इस्त्री फिरवली. वाफ निघाली, कोपरा सुकला आणि सुकल्यावर तिथं पांढरी किनार उमटली. मजुरांच्या सदऱ्यांना काखेत उमटते तशी, मिठाची. चहा पिऊन ती परत आली तेव्हा कोपरा पुन्हा ओला होता.

केसरबाई, तिची माय, दुकानामागच्या खोलीत राहत असे. एकोणऐंशी वर्षांची. पाणी मागायला ती बाहेर आली, टेबलाकडे बघितलं आणि स्टुलावर बसली. पाण्याचं विसरली.

"मोठा वाटत होता मले तवा," ती म्हणाली. "लहानच आहे."

"माय, हे कोपऱ्याले काय आहे?"

केसरबाई आयुष्यभर एकच सांगत आली होती, माह्या बापानं वर्दी नाही दिली. कशावरून म्हणून विचारलं की तोंड मिटायची. त्या दुपारी ते उघडलं.

"चौक सारा खडक. कुदय मारली तं ठिनग्या उडे. काठी रोवाची कुठं? आन् झेंडा भुईले टेकला तं राज्य पडते म्हने. मंग म्हने, येसकर धरन. माहा बाप महिन्याआधी नागपूरले जाऊन दीक्षा घेऊन आलता. म्हने, आता मी येसकर नाही, तुमचा झेंडा तुम्ही धरा. मंग हे शिवलं. दोन्ही हात यात घातले आन् वरतून गाठ मारली. दिवस निंगाल्यापासून बुडेपर्यंत उभा. हात खाली आले की काठी बसे पाठीवर."

"आन् तू?"

"मी भाकर नेत होती. त्याचे हात वर. दगडावर चढून चारत होती मी. अठराव्या दिवशी दुपारीही चारली. कुठं गेलता तो वर्दी द्याले?"

सुचितानं इस्त्री बाजूला ठेवली.

"पोलीस आले, सारे पयाले. याले कोन सोडवन? झेंडा धरून एकटाच सापडला. त्याइले वाटलं हाच म्होरक्या. लय मारलं." केसरबाईनं लाल कापडाच्या कडेवर बोट फिरवलं. "चार दिवस जगला. पानी पेताना हात वरच जाये त्याचे."

मग ती म्हणाली, "तेवढा शब्द काढ पुस्तकातून. मी मराच्या आधी काढ. मंग मी काही मागत नाही."

नंतर तिनं विचारलं, "हे डाव्या बाजूचं कोनं कापलं?"

सुचिता म्हणाली, "वसंतभाऊनं."

का म्हणाली? आयुष्यभर दुसऱ्यांच्या चुका पोटात घातलेल्या बाईला स्वतःची एक चूक मायसमोर ठेवता आली नाही, एवढंच. त्याला फार मोठं कारण लागत नाही.

दुसऱ्या दिवशी तिनं वसंतभाऊंना बोलावलं आणि उरलेलं वेटोळं दाखवलं. सगळं सांगितलं. त्यांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला. खोटं आहे म्हणाले नाहीत. ते म्हणाले असते तर सोपं झालं असतं, तिनं भांडून घेतलं असतं.

"आमच्या आज्यानं सांगतलं होतं मले," ते हळू म्हणाले. "शेवटी शेवटी. त्यानंच गाठ मारली होती."

"मंग छापा ना."

"सुचिता बाई, त्या गावापाशी आहे काय दुसरं? ना रेल्वे, ना कॉलेज. एकोनीस दिवस आहेत फक्त. तेही असे निंगाले तं पोराइले काय दाखवू?"

"अन् आमच्या मानसाचं काय?"

"फितूर शब्द काढतो. शब्द देतो तुले. ते उरलेलं कापून टाक, नेफा लाव. पुस्तकात तो शब्द राहनार नाही."

सुचितानं मागच्या खोलीकडे बघितलं. मायला दम लागून राहिला होता, भिंतीपलीकडून ऐकू येत होतं. वर्ष काढील की सहा महिने, कुणाला ठाऊक. आणि एक वेटोळं तर तिनं आधीच कापलं होतं. एका वेटोळ्याचा पुरावा होतो काय? असं तिनं स्वतःला विचारलं आणि उत्तराची वाट न बघता कैची उचलली. तिला कुणी धमकावलं नव्हतं. तिचा हात कुणी धरला नव्हता. तिनंच कापलं.

जुन्या झेंड्याला नेफा लावला आणि मग ती शंभर झेंडे शिवायला बसली. नवं कापड, नवा दोरा. दहावा झेंडा घडी घालताना तिच्या लक्षात आलं की त्याचे वरचे दोन कोपरे मऊ पडलेत, वर्षानुवर्षं मुठीत धरल्यासारखे. अकरावाही तसाच. तिनं कापडवाल्याला फोन करून लॉट खराब असल्याचं सांगितलं. तो म्हणाला, त्याच ताग्यातलं पांढुर्ण्यालाही गेलंय, तिथून तक्रार नाही.

तिनं शंभर पूर्ण केले.

कार्यक्रम भरदुपारी होता. खापरधऱ्याच्या चौकात मशीननं खडक फोडून लोखंडी खांब बसवला होता. केसरबाई हट्टानं आली, लग्न झाल्यापासून पहिल्यांदा त्या गावात. हातात फडक्यात बांधलेली भाकर होती. "जुन्या सवयीनं आनली," एवढंच म्हणाली.

भाषणं झाली. वसंतभाऊंनी दोरी ओढली. जुना झेंडा वर गेला आणि लोकांनी टाळ्या वाजवल्या, कारण तो पूर्ण उघडा फडकत होता.

फडकत नव्हता. सुचिता कडेकडे बघत होती. वरची कड सरळ होती, ताणलेली. खांबापासून दूरचा कोपरा खांबाजवळच्या कोपऱ्याइतकाच उंच होता. खालचं कापड मात्र सरळ खाली लोंबत होतं. समोरच्या चहाच्या टपरीचा धूर काठीसारखा सरळ वर चालला होता. वारा नव्हता.

नवी पुस्तकं वाटली गेली. केसरबाईला वाचता येत नव्हतं. तिनं पुस्तक सुचिताच्या हातात दिलं. "वाच."

सुचितानं ते पान काढलं. सतराव्या दिवसानंतर एकोणिसावा होता.

"नाही आहे, माय. काढला शब्द."

"आन् नाव?"

"तेही नाही."

"कुठंच नाही?"

"नाही."

केसरबाईनं खडकाकडे बघितलं. "शब्द काढ म्हटलं होतं मी," ती म्हणाली. आवाजात राग नव्हता. "मानूस नाही."

मग ती उठली. फडकं सोडून भाकरीचा तुकडा मोडला आणि झेंड्याच्या त्या दूरच्या कोपऱ्याखाली जाऊन टाचा उंचावल्या, हात वर केला. म्हाताऱ्या बाईचं काय मनावर घ्यायचं, म्हणून कुणी लक्ष दिलं नाही. हात खाली आला तेव्हा रिकामा होता. सुचितानं खाली खडकावर बघितलं. तिथं काही पडलं नव्हतं. वसंतभाऊही खालीच बघत होते.

संध्याकाळी त्यांचा फोन आला.

"सुचिता, झेंडा उतरत नाही."

"चाक अडकलं असन."

"दोरी हातात आली, बाई. पूर्ण. झेंडा वरच आहे."

त्यांनी माणूस चढवला. माणूस अर्ध्यातून खाली आला, काय झालं ते सांगेना, पायात चपला न घालता घरी गेला. परवानगी एका दिवसाची होती. चौथ्या दिवशी साहेब येऊन बघून गेले आणि त्यांनी काही लिहून दिलं नाही.

केसरबाई मात्र रोज अकराच्या बसनं जायला लागली. दोन भाकरी नेई, रिकामं फडकं आणी. सुचितानं अडवलं नाही. कुठल्या तोंडानं अडवणार?

आठव्या दिवशी माय परत आली ती खाटेवर आडवीच झाली.

"आता नाही होत व माह्याच्यानं," ती म्हणाली. "बस चढवत नाही."

"नको जाऊ."

"हात दुखून राहिले म्हनते तो. कोनं कापलं म्हनून नाही इचारत. मी सांगतलं वसंतभाऊनं, तं चूप राहिला." तिनं डोळे मिटले. "कोनी घडीभर धरलं तं टेकतो म्हने."

दुसऱ्या दिवशी अकराच्या बसनं सुचिता गेली. कापूस वेचायला सगळं गाव वावरात होतं. चौकात टपरीवरचा रेडिओ तेवढा चालू होता, माणूस कुणी नव्हतं. खडक तापलेला होता. ती त्या कोपऱ्याखाली उभी राहिली. काय बोलायचं ते बसमध्ये तिनं पाठ केलं होतं, ते आठवेना.

"कैची माही होती, आजा," ती म्हणाली.

काही झालं नाही.

तिनं दोन्ही हात वर केले.

वजन आलं. कापडाचं इतकं वजन नसतं. मनगटांना काहीतरी ओलं आणि उबदार लागलं आणि तिच्या उजव्या बाजूला, अगदी जवळ, कुणीतरी लांब श्वास सोडला. मग खडकावर टेकताना गुडघे वाजले. एक, मग दुसरा.

तिनं मान वळवली नाही.

टपरीवरच्या रेडिओवर दोनच्या बातम्या लागल्या. नंतर तीनच्या. शेजारचा श्वास संथ होत गेला, झोपलेल्या माणसासारखा. हात खाली घेता येतात की नाही, हे सुचितानं अजून करून बघितलं नव्हतं.