मॅमथच्या बारा कुप्या

उणे ऐंशी

"मी, प्रयोगशाळेतील सफाई कामगार, लिहून देते की रविवारी फरशी पुसताना माझ्याकडून फ्रीजरचा प्लग निघाला. त्यामुळे मॅमथ प्रकल्पाच्या बाराही कुप्या वाया गेल्या. माझी चूक मला मान्य आहे. मी स्वखुशीने काम सोडत आहे."

खाली सहीसाठी जागा. रिकामी.

उणे साठ

"सही करणार नाही," मावशी म्हणाल्या. स्टुलावर त्या अशा बसल्या होत्या की स्टुलासकट उचलावं लागलं असतं. "पोलिसांना बोलवा, नाहीतर कुणालाही बोलवा. करणार नाही म्हणजे नाही."

म्हणून साडेदहाला वहिनी आल्या. खासगी तपास हा त्यांचा धंदा. सोबत त्यांचे धाकटे दीर, पोस्टातून निवृत्त झालेले. त्यांना वहिनी भावोजी म्हणत, म्हणून सगळेच भावोजी म्हणत.

प्रयोगशाळेच्या प्रमुखांना तिथे नुसतं 'बाई' म्हणत. रात्रीच्या प्रवासाने त्यांचा चेहरा उतरला होता.

"म्हणजे फ्रीजरमध्ये मॅमथ होता?" भावोजींनी विचारलं.

"मॅमथ नाही, हत्तीच्या पेशी," बाई म्हणाल्या. "बर्फात सापडलेल्या मॅमथच्या कातड्यावरून आम्ही त्याचे गुण वाचले. लोकर, चरबी, थंडीत काम करणारं रक्त. असे चौदा गुण हत्तीच्या पेशींत घातले. नऊ वर्षं लागली. सुरुवातीला त्या वाढतच नव्हत्या. आठवड्याला एकदा दुप्पट, तेही रडतखडत. गेल्या सहा महिन्यांत मात्र भराभर वाढायला लागल्या, अगदी साध्या हत्तीच्या पेशींसारख्या. म्हटलं, चला, नशीब उघडलं."

"आणि आता?"

"एक वाजता समिती येतेय, प्रकल्प ठेवायचा की बंद करायचा ते ठरवायला. बरोबर बाहेरची तपासनीस आहे. ती कुप्यांतल्या पेशी तपासणार होती. आता काय तपासणार, माझं कपाळ?"

"अपघात म्हटलं तर?"

"तर आणखी दोन वर्षं मिळतील. अपघाताला माफी असते."

"मावशींना नसते वाटतं," वहिनी म्हणाल्या.



उणे चाळीस

घडलं होतं ते इतकंच. शनिवारी दुपारी बाईंनी कुप्या मोजल्या. बाराच्या बारा, दगडासारख्या गोठलेल्या. मग त्या प्रकल्पाच्या पशुवैद्यांबरोबर, म्हणजे हत्तीवाल्या डॉक्टरांबरोबर, हत्तींच्या छावणीवर गेल्या. सोमवारी, म्हणजे आज, सकाळी आठ दहाला सहायकाचा फोन आला, तेव्हा दोघंही परतीच्या गाडीत होते. साडेआठला पोहोचून पाहतात तर प्लग निघालेला, दार उघडं, खाली पाण्याचं थारोळं आणि कुप्यांत नुसतं पाणी. बाईंनी प्लग लावला, दार बंद केलं.

प्रयोगशाळेच्या दाराला कार्डाचं कुलूप होतं. त्याची नोंद सांगत होती: रविवारी दहा ते अकरा मावशी. बाकी कुणी नाही. सोमवारी सात वीसला सहायक.

वहिनींनी फ्रीजर उघडायला लावला. धूर निघावा तशी गार वाफ बाहेर आली.

"वहिनी, कुणाची तरी चहाची तयारी राहिलीय आत," भावोजी म्हणाले. मागच्या कोपऱ्यात प्लॅस्टिकचा पेला होता, काठोकाठ बर्फाने भरलेला. बर्फावर एक नाणं. भावोजींनी ते नखाने उचकटायला हात घातला.

"हात नका लावू! कातडं सोलून निघेल!" बाई ओरडल्या.

"निघत नाहीये पण. वरच्या वर चिकटून बसलंय."

"कुणाचं आहे हे?" वहिनींनी विचारलं.

बाईंनी मान हलवली. त्यांनी तो पेला कधी पाहिलाच नव्हता. कुप्या पुढच्या खणात असत.

कुप्या टेबलावर होत्या. भावोजींनी एक डोळ्यांशी धरली. "तारीख आहे की मुंगी चाललीय? सगळं फिसकटलंय."

"पाणी लागलं असेल," वहिनी म्हणाल्या.

"पाण्याने जात नाही ही शाई," बाई म्हणाल्या. "त्यासाठीच तर ती मागवतो."

उणे वीस

हत्तीवाले डॉक्टर आधीच तापलेले होते.

"मला विचाराल तर बरं झालं! मेलेल्याला उठवायचं म्हणून माझ्या जिवंत हत्तिणीने बावीस महिने पोटात ओझं वाहायचं? तिची परवानगी घेतलीय का कुणी?"

"म्हणजे तुम्हाला हवंच होतं हे."

"हवं होतं. केलं नाही. दोन रात्री मी आणि बाई एका आजारी पिल्लाच्या उशाशी होतो. आणि बाई, तोंडावर सांगतो, माझा विरोध उद्याही राहील."

"राहू दे," बाई म्हणाल्या. "तुमच्यावाचून माझं चुकतंय कुठे ते मला कळत नाही."

मग सहायक आला. मावशींनी त्याचं नाव 'टापटीप' ठेवलं होतं आणि ते का, हे दोन मिनिटांत कळलं. कोपऱ्यातल्या कोमट पाण्याच्या टाकीतून त्याने एक बाटली काढली, स्पिरिटच्या बोळ्याने पुसली, मगच टेबलावर ठेवली.

"स्वच्छच होती की," भावोजी म्हणाले.

"सवय. पाण्यातून काढलं की पुसायचं, मग ठेवायचं. पेशींबरोबर काम करणाऱ्याचा हात आपोआप जातो."

"आज लवकर आलात?"

"समिती येणार ना. आलो, चहा घेतला, मग फ्रीजरकडे गेलो. बघतो तर हे. मावशींचा राग नाही माझा. चुकतं माणूस."

"मी नाही चुकले, टापटीपराव!" मावशी दारातून कडाडल्या. "आणि तो मॅमथ आणायचा तर खुशाल आणा. त्याचं शेण शेवटी मीच काढणार आहे. वहिनी, मला एकदा फ्रीजरपाशी जाऊ द्या, मी दाखवते."

"फ्रीजरला आता कुणीही हात लावायचा नाही," सहायक पटकन म्हणाला. "सकाळीच सांगितलंय मी यांना."

"काय दाखवणार होतात, मावशी?" वहिनींनी विचारलं.

"पेला," मावशी म्हणाल्या.

शून्य

वहिनींनी सगळ्यांना फ्रीजरपाशी उभं केलं. भावोजींच्या हातात पाण्याचा ग्लास दिला.

"भावोजी, खिशातलं एक नाणं यात टाका."

भावोजींनी टाकलं. "बुडालं."

"पाण्यात नाणं बुडतंच. आता हा पेला बघा. नाणं बर्फाच्या डोक्यावर बसलंय. बर्फ एकदा जरी वितळला असता तरी ते तळाला गेलं असतं, आणि पाणी पुन्हा गोठलं तरी तळालाच राहिलं असतं. मावशी, कुणी ठेवलं हे?"

"मी. गेल्या वर्षी वीज गेली तेव्हापासून. घरी ठेवतेच. नाणं वर दिसलं तर फ्रीज चालू होता, खाली दिसलं तर आतलं फेकायचं. दर महिन्याला दाराचं हिम पुसते, तेव्हा बघते."

"आणि सकाळी सांगितलं का नाही?" हत्तीवाल्या डॉक्टरांनी विचारलं.

"सांगायला लागले तर हे टापटीपराव म्हणे, तुम्ही बाहेर थांबा!"

"तर," वहिनी म्हणाल्या, "प्लग रविवारी निघाला असता आणि दार रात्रभर उघडं असतं, तर पेलाभर बर्फ टिकला नसता. म्हणजे फ्रीजर रविवारी बंद पडलाच नाही. आज सकाळी अर्धापाऊण तास दार उघडं होतं. त्याने कडेचं हिम सुटतं, हा गोळा नाही. मग कुप्या वितळल्या कुठे?"

वहिनींनी कोपऱ्यातल्या टाकीकडे बोट दाखवलं.

"फ्रीजरबाहेर. कोमट पाण्यात. आणि वितळवणाऱ्याने त्या पाण्यातून काढल्यावर पुसल्या. ही शाई पाण्याने जात नाही. स्पिरिटने जाते. आता मला सांगा, ज्या वस्तूचा नाश करायचाय, ती कोण स्वच्छ पुसेल? मावशी पुसतील? डॉक्टर पुसतील? ज्याचा हात वर्षानुवर्षं आपोआप तिकडे जातो, तोच. असे इथे दोघं. बाई साडेआठपर्यंत डॉक्टरांबरोबर होत्या. उरले तुम्ही. सात वीसला आत, आठ दहाला फोन. पन्नास मिनिटांत किती चहा प्यालात?"

सहायकाच्या हातात अजून तो बोळा होता.

"पण का?" भावोजी म्हणाले. "याची स्वतःचीच मेहनत ना ती?"

"रडतखडत वाढणाऱ्या पेशी एकाएकी साध्या हत्तीच्या पेशींसारख्या पळायला लागल्या. बाईंना वाटलं, नशीब. मला वाटतं, त्या साध्या हत्तीच्याच होत्या. आणि आज एक वाजता ते तपासणीत उघडं पडणार होतं."

सहायक खाली बसला. पुसल्याशिवाय.

"एकाच बाटलीतलं पोषक द्रव मॅमथच्या आणि साध्या, दोन्ही पेशींना दिलं," तो म्हणाला. "एकदाच. घाईत. थेंबभर साध्या पेशी मिसळल्या आणि त्यांनी बाकीच्यांना मागे टाकलं. दोन महिन्यांनी माझ्या लक्षात आलं. तोवर तुम्ही सगळ्यांना सांगून टाकलं होतं, बाई. कसा सांगणार होतो?"

"तोंडाने," बाई म्हणाल्या.

"बाई, अजून वेळ गेलेली नाही. अपघातच म्हणा. प्रकल्प वाचेल. मावशींना मी दुसरीकडे काम बघतो."

पावणेएक झाला होता. न केलेल्या सहीचा कागद टेबलावर होता. बाईंनी तो उचलला, वाचला.

"चार हजार वर्षं झाली तो प्राणी जाऊन," बाई म्हणाल्या. "त्याला परत आणायचं म्हणून जगाशी भांडते मी. लोक वेडी म्हणतात, म्हणू देत. पण एका बाईचं पोट मारून आणि खोटं बोलून उभा केलेला मॅमथ मला नको. मूळ कातडं पलीकडच्या इमारतीत शाबूत आहे. पहिल्यापासून करू."

"पुन्हा नऊ वर्षं?" डॉक्टर म्हणाले.

"नऊ तर नऊ. तुम्ही भांडायला या रोज."

कागदाचे तुकडे झाले.

अधिक सदतीस

समितीच्या खोलीत पाच खुर्च्या एका बाजूला, एक दुसऱ्या बाजूला. बाई उभ्याच राहिल्या आणि सगळं सांगून मोकळ्या झाल्या. सहा महिने चुकीच्या पेशी. आज सकाळी मुद्दाम केलेला नाश. जबाबदारी त्यांची. मागणी एकच: बंद करू नका.

अध्यक्षांनी पेन खाली ठेवलं. "असं सांगितल्यावर आम्ही काय करायचं?"

दार ढकलून मावशी आत आल्या. कोपऱ्यातली खुर्ची फरफटत टेबलापर्यंत आणली आणि बाईंच्या शेजारी मांडली.

"अहो, ही आतली बैठक आहे," अध्यक्ष म्हणाले. "आपण कोण?"

"सकाळपासून माझंच नाव चाललंय सगळ्यांच्या तोंडी," मावशी म्हणाल्या. "आता त्यावरचा डाग पुसला गेल्याचं कागदावर लिहा. मी वाचल्याशिवाय उठणार नाही. आणि या बाईंचं काम बंद करायचं असेल, तर तेही माझ्यासमोर बोला."

त्या बसल्या. पदर सारखा केला.

"हं. करा सुरू."